पिंपापाशी बसलेला माणूस

माझा नवरा आमच्या लग्नाची गोष्ट कुणालाही सांगायचा. नव्या शेजाऱ्याला, कारखान्यात नव्याने लागलेल्या पोरांना, दवाखान्यात शेजारच्या खाटेवर पडलेल्या माणसाला. गोष्ट छोटी होती. बऱ्याच मुलींनी त्याला नाकारलं होतं. मग एका कॉलेजात शिकणाऱ्या मुलीने त्याला खिडकीतून एकदाच पाहिलं आणि लगेच हो म्हटलं. ती मुलगी म्हणजे मी. गोष्ट संपली की तो माझ्याकडे बघायचा आणि मी चहा ठेवायला आत जायचे.

तो गेला त्याला फार दिवस झालेले नाहीत. आता ती गोष्ट सांगणारं घरात कुणी नाही, म्हणून मी ती लिहायला बसले आहे. तो सांगायचा तशी नाही, मला माहीत आहे तशी. नावं घालणार नाही. ज्यांना ती त्याच्या तोंडून माहीत आहे त्यांच्याजवळ ती तशीच राहू दे.

आमचं गाव शेंद्र्यापासून जवळ. त्या वर्षांत गावाच्या एका अंगाला कारखान्यांच्या भिंती उभ्या राहत होत्या आणि दुसऱ्या अंगाला विहिरी आटत होत्या. सलग दुसरा पावसाळा कोरडा गेला होता. टँकर यायचा आणि विहिरीत पाणी ओतून जायचा. ते आम्ही दोराने परत वर ओढायचो, आणि मध्ये निम्मं पाणी विहीरच पिऊन टाकायची. बाबा गावच्या शाळेत शिपाई होते. शाळेतून बाद झालेली पुस्तकं ते घरी आणत आणि पुठ्ठे चिकटवून भिंतीतल्या फडताळात लावत. दोन्ही मुली पदवीधर व्हाव्यात, एवढी एकच हौस त्यांना होती. ताई बारावीला थांबली. मी बी.ए.च्या पहिल्या वर्षाची परीक्षा देऊन शहरातून घरी आले होते. कुणी 'धाकटीचं कधी?' असं विचारलं की बाबा म्हणत, "तिचं अजून काही नाही. ती शिकतीय."

वैशाखात ताईचा साखरपुडा ठरला. मुलगा चिकलठाण्याचा. दोन जीप भरून माणसं आली, त्यांच्यामागे एक टेम्पो आला, आणि टेम्पोतून त्यांनी एक निळं पिंप उतरवलं. काठोकाठ पाण्याने भरलेलं. पाहुण्यांनी स्वतःचं पाणी बरोबर आणलं होतं. आई ओसरीवर उभी राहून बघत राहिली. शेवटी आत्याला म्हणाली, "ह्यांनी आपली लाज राखली म्हणायची का घालवली?"

"राखली म्हण," आत्या म्हणाली. ती बाबांची थोरली बहीण. "आन् गप पाणी पी."

पिंप गोठ्यात ठेवलं. बैल चारा-छावणीत होते, त्यामुळे गोठा रिकामा होता आणि घरात सावलीची मोठी जागा तेवढीच. पिंपापाशी स्टुलावर एक मुलगा बसला, हातात स्टीलचा ग्लास घेऊन. तो नवरदेवाचा चुलतभाऊ होता. पांढरा शर्ट घातलेला. पण आमच्यात अशा कार्याला सगळेच पांढरं घालतात.

"एकाला एक," तो ओरडत होता. "दुसरा मागायचा नाय. नवरदेवाचं तोंड धुवायचंय अजून."

"धुऊन काय फरक पडणारंय?" रांगेतून कुणीतरी म्हणालं.

"ओळखू तरी येईल की! नायतर पोरगी भलत्याच्याच गळ्यात हार घालंल."

एका म्हाताऱ्याने अर्धाच ग्लास मिळाल्याची तक्रार केली. "काका, वय बघून दिलाय," तो म्हणाला. "जास्त झेपायचं नाय. उगं आमचं पाणीबी जायचं आन् तुम्हीबी." सगळे हसले. म्हातारासुद्धा हसला, कारण न हसून त्याला ग्लास मिळणार नव्हता.

मी कळशी घेऊन गेले.

"कुणासाठी?"

"भाताला."

"भाताला देतो. आन् तुला?"

"मला नको."

"तोंड बघ की कसं झालंय, वाळल्या चपलेवानी." त्याने ग्लास भरून पुढे केला. मी तिथेच उभ्याने प्यायले. सकाळपासून चुलीपाशी होते, आणि पाणी गार होतं. ग्लास परत दिला तर त्याने तो पुन्हा भरला आणि माझ्या हातात दिला. रांग ओरडली. तो रांगेकडे वळून म्हणाला, "ही घरची हाय. हिला नेम नाय."

दुसरा ग्लास मी सावकाश प्यायले. इतकंच झालं. लोक विचारतात प्रेम कसं होतं, आणि पुस्तकांत त्याबद्दल पानंच्या पानं असतात. माझं त्या दुसऱ्या ग्लासाच्या तळाशी पोचेपर्यंत झालेलं होतं. त्या उन्हाळ्यात कुणी कुणाला मागितल्याशिवाय पाणी देत नव्हतं. मागूनही देत नव्हतं.

थोड्या वेळाने तो पाणी गाळायला फडकं मागायला घरात आला. आई फडकं शोधत होती तेवढ्यात तो फडताळापाशी गेला. एक जाड पुस्तक काढून त्याने उघडलं नाही, तळहातावर ठेवून नुसतं वरखाली केलं.

"अर्धा किलोला थोडं कमी," तो म्हणाला.

मी न राहवून विचारलं, "म्हणजे?"

"शहागंजात रद्दीच्या दुकानात असतो मी. हाताला कळतं."

"तुम्ही पुस्तकं वजनावर विकता?"

"मग काय अक्षरं मोजून विकू?"

मी हसले. माझं हसणं मलाच मोठं वाटलं. तो म्हणाला, "अशी लई पडल्यात तिथं. मालक म्हणतो, जा घेऊन, उंदरं झाल्यात. पायजे तर पोतंभर आणून टाकतो तुला."

कॉलेजच्या ग्रंथालयात एका वेळी एक पुस्तक मिळायचं, तेही सही करून. आणि हा पोतंभर म्हणत होता. त्याला पुस्तकांचं काही नव्हतं हे मला तेव्हाही दिसत होतं. पण ज्याला काही नसतं तोच असं पोतंभर देऊ शकतो, असं मला वाटलं, आणि ते मला फार मोठ्या मनाचं लक्षण वाटलं. त्यानंतर मी कळशी घेऊन इतक्या वेळा गोठ्यात गेले की आई म्हणाली, "भात शिजवायलीस का अंघोळ घालायलीस त्याला?"

अंगठी झाली. साडी झाली. माणसं जेवणाची वाट बघत मांडवात बसली होती. तेवढ्यात नवरदेवाचे थोरले काका उभे राहिले. शहरात त्यांचा मान होता आणि त्यांना बोलायची सवय होती.

"मंडळी, मांडव हाय, माणसं हायेत, सैपाक तयार हाय. लग्नाला परत सगळ्यांनी यायचं, परत पाणी वाहून आणायचं, ह्या दुष्काळात कशासाठी? पोरगा तयार, पोरगी तयार. बौद्धाचार्य जेवायलाच आलेत, त्यांना कामाला लावू. आपल्यात काय मुहूर्त बघायचाय का?"

टाळ्या पडल्या. त्या वर्षांत अशी लग्नं गावोगाव होत होती, साखरपुड्याला गेलेली माणसं लग्न लावूनच परत येत, आणि त्यांचं कौतुक होई. बाबांनीही कौतुक केलेलं मी ऐकलं होतं. ते आम्हाला लहानपणापासून सांगत की पंचांगाने आपल्या लोकांचं कधी भलं केलं नाही, चांगलं काम करायला चांगली घटका शोधावी लागत नाही. मला ते आजही पटतं. फक्त कधी कधी मनात येतं, पंचांग असतं तर त्या दिवशी कुणीतरी म्हणालं असतं, आज नाही, पुढच्या महिन्यात बघू.

ताईला विचारलं. ती हो म्हणाली. तिला तो आवडला होता. मी स्वयंपाकघरात भाकरी थापत होते आणि भिंतीपलीकडून काकांचा आवाज पुन्हा आला.

"आता उरकतोयच तर धाकटीचंबी उरकून टाका की. आमच्या घरातच पोरगा हाय. बहिणी बहिणी एका घरात नांदतील."

"ती शिकतीय," बाबा म्हणाले.

"शिकू द्या ना. आम्ही कुठं नको म्हणालो? उलट कॉलेज जवळ पडंल."

मग बाबा म्हणाले, आणि मुद्दाम मोठ्याने म्हणाले, "आमच्यात पोरीला विचारल्याबिगर होत नाही. तिला विचारा. ती नको म्हणाली तर विषय संपला, परत कुणी काढायचा नाही."

माझ्या हातातली भाकरी जाड झाली होती. मला बाबांचा अभिमान वाटला. आत्या लगबगीने आत आली आणि माझ्याशेजारी उकिडवी बसली.

"ऐकलंस ना?"

"व्हय."

"नवरदेवाचा चुलतभाऊ. तो बघ, गोठ्यात पिंपापाशी बसलाय."

चुलीसमोर खिडकी होती. खिडकीतून गोठा सरळ दिसायचा. पण स्वयंपाकघरात पाहुण्यांकडच्या चार बाया बसल्या होत्या आणि सगळ्या माझ्याकडे बघत होत्या. आमच्या एका चुलतबहिणीने अशाच वेळी मान वर करून बघितलं होतं. तिला दोन मुलं झाली तरी गावात तिला 'डोळेफाडी' म्हणत. मी मान वर केली नाही. मला गरजच वाटली नाही. पिंपापाशी कोण बसतं हे त्या दिवशी माझ्याइतकं कुणाला ठाऊक होतं?

"माणूस चांगला हाय म्हणतेत," आत्या हळू आवाजात म्हणाली. "पण त्याचं एक हाय, ते आधीच सांगते तुला..."

"मला माहीत आहे," मी म्हटलं. रद्दीच्या दुकानाचं ती सांगणार, असं मला वाटलं. कमी दर्जाचं काम.

"माहीत हाय? बघितलंस तू?"

"बघितलं. मला नाही त्याचं काही वाटत."

आत्या माझ्याकडे बघत राहिली. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. तिने माझ्या पिठाच्या हातावर हात ठेवला आणि म्हणाली, "बापाच्या पुस्तकांचं चीज केलंस बाई." मला ते जरा जास्त वाटलं. पण सुखात असलेला माणूस शंका काढत नाही.

ती बाहेर गेली आणि क्षणभरात मांडवातून मोठा गलका उठला. टाळ्या, शिट्ट्या. कुणीतरी ओरडलं, "हो म्हणाली! बघून हो म्हणाली!"

आईने मला तिची पांढरी साडी नेसवली. तिचे हात भरभर चालत होते. ती नेसवत होती तेवढ्या वेळात मी जितकी सुखी होते तितकी नंतर कधी झाले नाही. शहागंजातल्या दुकानात बसलेली मी मला दिसत होते, पोत्यांच्या मध्ये, एक एक पुस्तक उघडून बघत, आणि तो काट्यावर काहीतरी टाकत मागे न बघता बोलत होता. मी त्याला वाचायला शिकवणार होते. म्हणजे वाचायला त्याला येत असणारच, पण आवडीने वाचायला.

मांडवात टेबलावर तसबिरी होत्या, मेणबत्त्या लावल्या होत्या, उन्हात ज्योती दिसतच नव्हत्या. ताई आणि तिचा नवरा आधीच उभे होते. मला ताईच्या शेजारी उभं केलं. मी मान खाली ठेवूनच डोळे उचलले. तो समोर नव्हता. तो बाजूला, माणसांत होता, हातात फुलांच्या पाकळ्यांची परात धरून सगळ्यांना पाकळ्या वाटत होता. मला वाटलं, आता परात कुणाला तरी देईल आणि येईल.

खुर्चीवरून दुसराच एक माणूस उठला आणि माझ्यासमोर येऊन उभा राहिला. तिशीचा असेल. रुंद, घामेजलेला, नवा शर्ट घडीच्या रेघांसकट. उजव्या हाताला त्याने रुमाल गुंडाळला होता.

"अरे, हात काढ की बाहेर," मागून कुणीतरी ओरडलं. "तिला माहीत हाय! बघूनच हो म्हणालीय!"

माणसं हसली. त्याने रुमाल काढून खिशात ठेवला. कारखान्यात प्रेसखाली हात सापडला होता. अंगठा आणि त्याच्या शेजारचं बोट, एवढंच उरलं होतं. त्या हाताने त्याला हार नीट धरता येत नव्हता. तो माझ्याकडे असा बघत होता की तसं माझ्याकडे तोवर कुणीच बघितलं नव्हतं. दुसऱ्या कुणीही तसं बघितलं असतं तर मी धन्य झाले असते.

मी तेव्हाच बोलायला हवं होतं, असं म्हणणं सोपं आहे. मी तोंड उघडलंही होतं. पण 'हा नाही' म्हटलं असतं तर पुढचा प्रश्न आला असता, 'मग कोण?' आणि मला सगळ्या मांडवादेखत परात धरलेल्या त्या मुलाकडे बोट दाखवावं लागलं असतं, दोन ग्लास पाण्यावर. शिवाय बाबा तिथे उभे होते. त्यांनी सगळ्यांसमोर पोरीला विचारायला लावलं होतं. मी शब्द फिरवला असता तर त्या गावात पुन्हा कुणी कुठल्या पोरीला विचारलं नसतं. म्हणाले असते, विचारलं की असं होतं.

बौद्धाचार्यांनी त्रिशरण म्हटलं, पंचशील म्हटलं. मग वधूने म्हणायच्या प्रतिज्ञा एक एक करून सांगितल्या आणि मी त्यांच्यामागे म्हणत गेले.

"मोठ्यानं म्हण, पोरी," ते म्हणाले. "मागच्यांना ऐकू येईना."

मी मोठ्याने म्हटलं.

पाकळ्या पडल्या. सर्वांत जास्त परात धरलेल्या त्या मुलानेच टाकल्या, मुठी भरभरून, आणि नवरदेव झालेल्या आपल्या सख्ख्या थोरल्या भावाला खांद्याने ढकलून नाचला. मग माझ्यासमोर वाकून म्हणाला, "पाया पडतो, वहिनी. आता पाणी मागू नका बरं का, आता तुम्ही आम्हाला द्यायचं."

निघताना बाबा जीपपर्यंत आले. ते रडत नव्हते. त्यांनी माझ्या पिशवीत चार पुस्तकं घातली, आणि कुणाला ऐकू जाणार नाही अशा आवाजात म्हणाले, "तू नाही म्हणशील म्हणूनच मी विचारायला सांगितलं होतं."

चिकलठाण्याला दोन खोल्यांत आम्ही राहत होतो. पुढच्या खोलीत सासू-सासरे आणि दीर, म्हणजे तो धाकटा, मागच्या खोलीत आम्ही. ताई दोन गल्ल्या सोडून. धाकट्याचे शर्ट मी धूत होते. तो जेवायला बसला की मला हाक मारून म्हणायचा, "वहिनी, आज भाजीत पुस्तक पडलंय का? चव लागंना." सगळे हसायचे, माझा नवराही हसायचा, मीही हसायचे. कितीतरी दिवस त्याची सायकल वाजली की माझा हात थांबायचा. मग केव्हातरी थांबेनासा झाला. केव्हा, ते मला सांगता येत नाही. प्रेम सुरू झालेलं कळतं तसं संपलेलं कळत नाही. एक दिवस त्याच्या शर्टाला त्याच्या घामाचा वास आला आणि मला नुसती किळस वाटली, तेव्हा ते आधीच संपलेलं होतं.

पोतंभर पुस्तकं आली. पण ती माझ्या नवऱ्याने आणली. धाकट्याने घरात सहज सांगितलं होतं की वहिनीला पुस्तकांची हाव आहे. तेवढ्यावर हा पाळी संपवून शहागंजाला जायचा, धाकट्या भावाच्या पोत्यांत शोधायचा आणि डाव्या काखेत धरून पुस्तकं आणायचा. काय निवडावं ते त्याला कळायचं नाही. एकदा शिवणकामाचं पुस्तक, एकदा कुठल्या तरी वकिलीच्या पुस्तकाचा दुसराच भाग. बी.ए.चा फॉर्म त्यानेच आणला. परीक्षेच्या दिवसांत नळाला पाणी आलं की तो उठून भांडी भरायचा आणि मला म्हणायचा, "तू बस. तू वाच." नंतर मला एका शाळेच्या ग्रंथालयात काम मिळालं तेव्हा त्याने कारखान्यात पेढे वाटले आणि सगळ्यांना पुन्हा ती गोष्ट सांगितली. अशी शिकलेली बाई, आणि हिने मला बघून हो म्हटलं. हातासकट.

त्या एका वाक्यावर तो आयुष्यभर उभा होता. इतक्या नकारांनंतर कुणीतरी त्याचा हात बघितला आणि म्हटलं, मला नाही त्याचं काही वाटत. ते वाक्य मी दुसऱ्याबद्दल म्हटलं होतं. हे मला रोज माहीत असायचं. त्याची पाठ चोळताना, त्याच्या ताटात वाढताना, मुलगी झाल्यावर तो तिला त्या हाताने उचलताना. त्याने मात्र मला एकदाही विचारलं नाही की तू खरंच बघितलं होतंस का, आणि काय बघून हो म्हणालीस. सगळ्या जगाला सांगायचा, मला विचारायचा नाही. आधी ते मला बरं वाटायचं. पुढे पुढे त्याची भीती वाटू लागली.

शहर वाढत गेलं. जालना रस्ता रुंद झाला, आमच्या गावाच्या जमिनी कारखान्यांत गेल्या, बाबा वारले. धाकट्याने रद्दीचं दुकान सोडलं आणि प्लॉटच्या दलालीत पडला. मोठं घर बांधलं, गाडी घेतली, पोट सुटलं. विनोद तेच राहिले.

माझा नवरा आजारी पडला तो बराच काळ अंथरुणावर होता. दवाखान्यात शेजारच्या खाटेवरच्या माणसाला त्याने धापा टाकत टाकत ती गोष्ट सांगितली आणि सवयीप्रमाणे माझ्याकडे बघितलं. तिथे जायला स्वयंपाकघर नव्हतं. मी त्याची चादर सारखी केली. तो माझ्याकडे बघतच राहिला. शेवटी त्याने मान भिंतीकडे वळवली. त्यानंतर त्याने ती गोष्ट कुणाला सांगितल्याचं मला आठवत नाही.

पुण्यानुमोदनाला मोठा मांडव घातला होता. अशा वेळी आमच्यात गेलेल्या माणसाबद्दल लोक उठून बोलतात. कारखान्यातले दोघे बोलले, ताईचा नवरा बोलला. मग धाकट्याने माईक घेतला. तो आधी रडला, आणि ते रडणं खरं होतं. मग डोळे पुसून म्हणाला, "दादाच्या लग्नाची गोष्ट तुम्ही सगळ्यांनी ऐकलीय. पण खरी गोष्ट कुणालाच माहीत नाय. आज सांगूनच टाकतो."

मुलगी माझ्याशेजारी बसली होती. तिने मान वर केली.

"त्या दिवशी आधी मलाच विचारलं होतं. काका म्हणाले, धाकटी हाय, तुला करून टाकू का? मी म्हणालो, नको रे बाबा! ती पुस्तकात तोंड घालून बसणार, आन् रंगानं अशी. मला नाय झेपायची." माणसांत हसू फुटलं. "मग काका म्हणाले, थोरल्याचं विचारतो. मी घाबरलो, मनात म्हणालो, ती नको म्हणाली तर परत माझ्यावर येईल. दादाला म्हणालो, तू बस जरा पिंपापाशी, मी आलोच, आन् जीपमध्ये जाऊन लपलो! दादाला तिथं मी बसवलं, म्हणून वहिनीला दिसला, म्हणून लग्न झालं. श्रेय माझं हाय." आता सगळेच हसत होते, शोकसभेत माणसं जशी सुटल्यासारखी हसतात तसे. त्याला अजून हसवायचं होतं. "नायतर कोण जाणे, वहिनीला वाटलं असंल की मीच बसलोय!"

कारखान्यातले म्हातारे मांडीवर थापा मारत होते. मुलगी हसत नव्हती. ती माझ्याकडे बघत होती, तिच्या बापासारखी.

सूत्रसंचालन करणारा मुलगा मला म्हणाला, "ताई, तुम्ही दोन शब्द बोलणार का?" त्याला वाटलं असेल मी मान हलवेन. मी उठले. माईक घेतला नाही.

"मी बघितलं होतं," मी म्हटलं. "त्यांच्या हाताला रुमाल बांधलेला होता. त्यांच्या आधी तिथं हा बसला होता, त्यालाही बघितलं होतं. दोघांना बघून मी हो म्हटलं."

हसू एकदम थांबलं आणि मग पुन्हा उसळलं, पण आता ते त्याच्यावर होतं. कुणीतरी मागून ओरडलं, "घे, खा आता!" तोही हसला, तोंड पसरून, पण त्याचे कान लाल झाले होते. मला त्याचं समाधान वाटलं, आणि त्या समाधानात काही चांगलं नव्हतं. सभा संपताना आमच्या रीतीप्रमाणे सगळ्यांनी तीनदा 'साधू' म्हटलं. कुणाला तरी प्लॉट दाखवायचा आहे असं सांगून तो जेवायच्या आधीच निघून गेला.

मुलीने माझा हात धरला आणि म्हणाली, "आई, तू हे कधीच कसं बोलली नाहीस?"

तिला मी काय सांगणार होते? जे वाक्य तिच्या बापाने आयुष्यभर स्वतःच्या तोंडाने सांगितलं आणि दर वेळी माझ्याकडे बघून वाट पाहिली, ते मी पहिल्यांदा मोठ्याने म्हटलं तेव्हा तो नव्हता. तो असता तर मी म्हटलं नसतं. पंगत बसली होती. मी पदर खोचला आणि वाढायला गेले.